सव्वीस वर्षं आणि एक महिना

आई शाळेतून निवृत्त झाली त्या दिवशी तिला एक शाल, एक नारळ आणि स्टीलचा डबा मिळाला. बत्तीस वर्षं ती त्या शाळेत शिपाई होती. घंटा द्यायची, पाण्याची टाकी भरायची, पडलेल्या पोरांच्या गुडघ्यांना औषध लावायची. ग्रॅच्युइटीचे पैसे तीन महिन्यांनी आले. खात्यात जमा झाल्याचा निरोप आला तसं तिनं मला सोफ्यावर शेजारी बसवलं आणि पासबुक माझ्या मांडीवर ठेवलं.

"पाह्य, तीन लाख चाळीस हजार हायेत," ती म्हणाली. "तीन लाख घराच्या कर्जात भरून टाक. चाळीस हजार मले राहू दे. आता किती राहिलं गा कर्ज?"

मी म्हणालो, "पाहून सांगतो."

खरं सांगायचं तर मला आकडा माहीतच नव्हता. चार वर्षं दर महिन्याच्या पाच तारखेला माझ्या खात्यातून तेवीस हजार दोनशे एकोणसाठ रुपये जात होते. एकही हप्ता चुकला नव्हता, आणि त्याचा मला अभिमान होता. वीस वर्षांचं कर्ज, चार गेली, सोळा राहिली, असा साधा हिशेब मी मनात धरून होतो. तीस लाखांतले पाचेक लाख तरी फिटले असतील, असं आईला लगेच सांगावंसं वाटलं होतं. नाही सांगितलं, ते बरंच झालं.

हे घर आम्ही घाईत घेतलं. त्याआधी आम्ही नंदनवनमध्ये भाड्यानं राहायचो. माझ्या लहानपणापासून आम्ही पाच खोल्या बदलल्या. एका ठिकाणी मालकिणीनं आधी किल्ली दाखवली, मग आडनाव विचारलं आणि मग म्हणाली की खोली कालच दुसऱ्याला दिली. वडील तसेच मागं फिरले. घरी येऊन एवढंच म्हणाले, "आपलं एक दार पाह्यजे." शेवटच्या खोलीत आम्ही अकरा वर्षं काढली. वडील तिथंच गेले. त्यांच्या जलदान विधीला घरमालक आला, हात जोडून बसला, आणि निघताना मला बाजूला घेऊन म्हणाला की पुढच्या दोन महिन्यांत खोली लागेल, मुलाचं लग्न ठरलंय. त्याचं काही चुकलं असं नाही. पण मी त्याच आठवड्यात शहराबाहेर बेसाला फ्लॅट पाहायला गेलो.

दोन खोल्या, हॉल, स्वयंपाकघर, तिसरा मजला. रजिस्ट्री धरून सदतीस लाख. सात लाख आम्ही उभे केले; त्यात माझा पीएफ होता आणि बायकोच्या पाटल्या होत्या. बाकी तीस लाख एका हाउसिंग फायनान्स कंपनीचे. कर्ज करून देणारा एजंट बिल्डरच्याच ऑफिसात बसायचा. तो म्हणाला, "सर, सात परसेंट चल रहा है, इससे सस्ता कभी नहीं मिलेगा. बीस साल, आराम से. टेन्शन लेनेका नहीं." त्यानं कागदांचा गठ्ठा पुढं सरकवला आणि जिथं जिथं पेन्सिलीनं फुली मारली होती तिथं तिथं मी सही केली. बायकोनंही केली, ती सहकर्जदार होती. एका पानावर व्याजदर बदलता असल्याचं लिहिलं होतं. मी विचारलं, तर तो हसला. "वो तो सबका रहता है."

गृहप्रवेशाला भंतेजी आले, परित्राण पाठ झाला, खीर झाली. आई सगळ्या खोल्यांतून फिरली आणि मग हॉलच्या भिंतीवर वडिलांच्या फोटोसाठी खिळा ठोकायला लागली. खिळा वाकला. तिनं दुसरा घेतला. भाड्याच्या एकाही घरात तिनं कुणाला न विचारता खिळा ठोकला नव्हता.

मी मौद्याच्या वीजकेंद्रात कंट्रोल रूममध्ये काम करतो. वाफेचा दाब, तापमान, भार, सगळं दर तासाला नोंदवायचं आणि एखादा आकडा जरा हलला की कारण शोधायचं, ही माझी नोकरी. मधल्या काळात कर्जाच्या कंपनीचे काही एसएमएस आले होते. 'आपल्या कर्जाचा व्याजदर बदलला आहे. आपल्या हप्त्यात कोणताही बदल नाही.' मी दुसरं वाक्य वाचून सुटकेचा निःश्वास टाकायचो आणि फोन खिशात ठेवायचो.

आईनं विचारल्यावर दुसऱ्या आठवड्यात सुट्टीच्या दिवशी मी बर्डीच्या बाजारातल्या त्यांच्या शाखेत गेलो. काउंटरवर तिशीतली एक बाई होती. मी खाते क्रमांक दिला, तिनं उतारा छापून दिला. मी उभ्या उभ्याच वाचला आणि वाटलं, कुणा दुसऱ्याचाच कागद आलाय.

"मॅडम, हा माझाच आहे का?"

तिनं नाव पाहिलं. "हो सर, तुमचाच."

"अठ्ठावीस लाख तीन हजार बाकी?"

"हो."

"चार वर्षं भरतोय मी. अकरा लाखांच्या वर भरलेत."

तिनं खुर्ची दाखवली. मी बसलो. तिनं पेन घेऊन उताऱ्यावर खुणा केल्या. अकरा लाख सोळा हजार भरले होते. त्यातले नऊ लाख एकोणीस हजार व्याजात गेले होते. मुद्दल कमी झालं होतं एक लाख सत्त्याण्णव हजार. गेल्या महिन्याच्या हप्त्यातले एकवीस हजार चाळीस रुपये व्याजाचे होते आणि दोन हजार दोनशे एकोणीस मुद्दलाचे.

"आणि मुदत?" मी विचारलं. "सोळा वर्षं राहिली ना?"

तिनं उतारा माझ्याकडे फिरवला. मग पानाच्या खालच्या कोपऱ्यात बोट ठेवलं. तिथं लिहिलं होतं, उर्वरित हप्ते तीनशे तेरा.

मी मनात भागाकार केला. सव्वीस वर्षं आणि एक महिना. कर्ज घेतलं तेव्हा वीस वर्षं होती. चार वर्षं भरल्यावर ती सव्वीस झाली होती.

"व्याज सातवरून नऊ झालं सर," ती म्हणाली. "हप्ता तोच ठेवला की मुदत वाढते. एसएमएस गेला होता."

"हप्त्यात बदल नाही, असा आला होता."

"हो. हप्त्यात बदल नव्हता."

मी अडतीस वर्षांचा होतो. साठीला निवृत्त होणार. त्यानंतर चार वर्षं हप्ता सुरू राहणार होता. मुलगी नऊ वर्षांची होती; घर आमचं होईल तेव्हा ती पस्तीसची असेल. मी उतारा घडी करून खिशात घातला आणि उठलो, तेव्हा त्या बाईनं आवाज जरा खाली आणला. "सर, माझ्या पप्पांचंही असंच झालं होतं. तुम्ही एक अर्ज द्या. नव्या ग्राहकांना आज साडेआठनं देतात. जुन्यांना कुणी आपणहून कमी करून देत नाही, मागावं लागतं. थोडी फी लागेल. आणि जमलं तर हप्ता वाढवून घ्या. मुद्दलात मधेच काही भरता आलं तर फारच फरक पडतो."

"तीन लाख भरले तर?"

तिनं कॅल्क्युलेटरवर बोटं चालवली. "आहे त्याच व्याजानं धरलं तरी पावणेआठ वर्षं कमी होतात."

आईचे तीन लाख आणि आमची पावणेआठ वर्षं. तो आकडा कानात घेऊन मी बर्डीवरून पायीच निघालो. दोन बस सोडल्या. मोह झाला नाही असं म्हटलं तर खोटं होईल. ती स्वतः देत होती. पण बत्तीस वर्षं टाकी भरून मिळालेले तिचे पैसे मी न वाचलेल्या एका ओळीत घालायचे, हे मला तिच्या तोंडावर सांगवत नव्हतं. घरी आल्यावर आईनं विचारलं, "काय म्हटलं त्यायनं?"

"साहेब नव्हते," मी म्हणालो. "पुढच्या आठवड्यात बोलावलं आहे."

अकरा दिवस मी तसंच चालवलं. उतारा डब्याच्या पिशवीच्या आतल्या कप्प्यात ठेवला होता. बसमध्ये काढून पाहायचो, परत ठेवायचो. जेवण जाईना. मुलीनं वह्यांना कव्हरं घालून मागितली तर तिच्यावर ओरडलो. बाराव्या दिवशी दुपारी, मी सकाळची पाळी करून घरी आलो तेव्हा तो कागद बायकोच्या शिलाई मशीनवर उलगडून ठेवला होता. ती घरी ब्लाउज शिवते. शेजारी गिऱ्हाइकांच्या मापांचं पान होतं आणि त्याच्या मागे तिनं आकडेमोड केली होती. पिशवी धुवायला काढताना तिला कागद सापडला होता.

"हे कधीचं आहे?" तिनं विचारलं.

"बारा दिवस झाले."

"मले काहून नाही सांगितलं?"

मी म्हणालो की तुला त्रास नको म्हणून. हे अर्धंच खरं होतं. ते तिला लगेच कळलं.

"घर तुम्ही एकट्यानं नाही घेतलं," ती म्हणाली. "सह्या माह्याही हायेत. पाटल्या माह्या होत्या. मी इतके दिवस पिको-फॉलची मशीन घेतली नाही, शिवणाच्या कोर्सले गेली नाही, म्हटलं कर्ज फिटू दे. आणि तुम्ही मले सांगतच नाही की ते फिटूनच नाही राहिलं!"

तिचा आवाज चढला नव्हता, म्हणून ते जास्त लागलं. मी माफी मागितली. ती उठून पाणी प्यायली, परत येऊन बसली आणि मापांचं पान माझ्याकडे फिरवलं. तिनं तीनशे तेरा गुणिले तेवीस हजार दोनशे एकोणसाठ करून ठेवलं होतं. त्यात आधी भरलेले मिळवले होते. तीस लाखांच्या कर्जाचे चौऱ्याऐंशी लाख होत होते.

"एवढ्यात तर दोन फ्लॅट आले असते वं," मी म्हणालो.

"दोन नाही, सव्वादोन," ती म्हणाली. मग आम्ही दोघंही हसलो. हसण्यासारखं त्यात काहीच नव्हतं, तरी हसलो.

आतल्या खोलीतून आई केव्हा आली ते आम्हाला कळलं नाही. दारात उभी होती. तिनं सगळं ऐकलं असणार. ती खाली बसली आणि कागद मागितला. तिला इंग्रजी वाचता येत नाही, पण आकडे वाचता येतात. मी तिला कुठला रकाना कशाचा ते सांगितलं. मला वाटलं होतं ती रडेल, नाहीतर वडिलांचं नाव काढेल. ती कागदावर बोट फिरवत राहिली.

"म्हणजे हे आधी व्याज कापतात, मग जे उरते ते मुद्दलात," ती म्हणाली.

"हाव."

"आमच्या भिशीत कोणी पैसे उचलले तर असंच असते. म्हूनच आम्ही दर महिन्याले वही सगळ्यायसमोर वाचतो. तू चार वर्षांत एकदाही वही वाचली नाही?"

"नाही."

"मशिनीचा काटा तासातासाले पाह्यतं, आणि घराचा नाही." एवढंच बोलली. पुढं म्हणाली, "जाऊ दे. आता तीन लाख भरून टाक."

तिथून आमचं भांडण सुरू झालं. मी म्हणालो, एक रुपया घेणार नाही. ती म्हणाली, मग मी कुठं राहून राहिली, धर्मशाळेत? मी म्हणालो, तुझं दुखणंखुपणं आहे, हातात पैसा हवा. ती म्हणाली, दुखणं आलं तर तुम्ही काय मले रस्त्यावर ठेवाल? शेवटी बायकोच मधे पडली. "आई, एक लाख द्या. दोन लाख तुमच्या नावानं ठेवू, व्याज तुमच्याच हातात येईल. आणि वरचे चाळीस हजार आहेत त्याच्यातून विहारातल्या बायांसोबत बोधगयेले जाऊन या. किती वर्षांपासून म्हणून राहिल्या."

आई साडीच्या पदराचा काठ दुमडत राहिली. मग म्हणाली, "दीड लाख."

"एक," बायको म्हणाली.

"बरं, एक. पण मी येतो बर्डीवर. त्या बाईले पाह्यचं हाय मले."

पुढच्या सोमवारी आम्ही तिघं गेलो. त्याआधी बायकोनं घरातलं सगळं काढून पाहिलं होतं. पोस्टात आम्ही दर महिन्याला दीड हजार टाकायचो. त्यावर सहा-साडेसहा टक्के मिळायचे, आणि त्याच महिन्यात नऊ टक्क्यांनी आम्ही व्याज भरत होतो. ते बंद केलं. अडीनडीसाठी तीन महिन्यांच्या खर्चाइतके पैसे बाजूला ठेवले. तिनं अस्तराच्या ब्लाउजचा दर तीस रुपयांनी वाढवला आणि दोन गिऱ्हाइकं गेली तरी परत कमी केला नाही. अर्ज दिला, फी भरली, व्याज साडेआठ झालं. आईचा एक लाख मुद्दलात गेला. हप्ता पंचवीस हजार आठशे करून घेतला. महिन्याला जेमतेम अडीच हजार जास्त. कर्जाची मुदत सव्वीस वर्षांवरून सोळा वर्षांवर आली. सगळं मिळून बासष्ट लाखांच्या आत घर पडणार होतं. तरी तीस लाखांचे दुपटीपेक्षा जास्तच. पण दहा वर्षं आणि बावीस लाख वाचत होते, आणि ते एका उताऱ्यामुळे.

काउंटरवरच्या बाईला आई म्हणाली, "बाई, आमचा मुलगा हुशार हाय, पण वाचत नाही. तुम्ही सांगितलं, लय बरं झालं." ती बाई लाजली आणि आईसाठी चहा मागवला.

ही गोष्ट मी कुणाला सांगणार नव्हतो. पण कंट्रोल रूममध्ये माझ्या शेजारी बसणारा मित्र माझ्याच बसनं येतो, आणि त्याचंही घर कर्जावरचंच. एकदा सकाळी बसमध्ये त्याला सांगितलं. तो मोठ्यानं हसला. "सगळ्यायचंच असं असते बे. कोणाचं वाढत नाही? तू लय विचार करतं." तिसऱ्या दिवशी तो बसमध्ये आला, माझ्या शेजारी बसला आणि पारडीचा पूल ओलांडेपर्यंत खिडकीबाहेर पाहत राहिला. मग त्यानं फोनवर उघडलेला त्याच्या कर्जाचा उतारा माझ्यापुढं धरला. तो पंचेचाळीस वर्षांचा होता. त्याचे तीनशे हप्ते बाकी होते.

"सत्तर वर्षांचा होईन मी," तो म्हणाला. "बायकोले कसं सांगू गा?"

मी म्हणालो, "आजच सांग. मी बारा दिवस थांबलो, ते सगळ्यात वाईट झालं."

त्यानं सांगितलं. चार दिवस त्याच्या घरी बोलणं बंद होतं, असं तो मागून म्हणाला. मग ते दोघं मिळून शाखेत गेले. त्याचं आमच्याइतकं सोपं निघालं नाही. त्याच्यावर गाडीचंही कर्ज होतं. त्यानं गाडी विकली. आता बस चुकली तर मला फोन करतो आणि शिव्या घालतो.

आई बोधगयेला जाऊन आली. सोबत पिंपळाचं एक वाळलेलं पान आणि कोरडा खोकला घेऊन आली. खोकला महिनाभर टिकला. या सगळ्याला आता दोन वर्षं झाली. मधे व्याज आणखी खाली आलं. कंपनीनं विचारलं, हप्ता कमी करायचा का? मी ड्युटीवर होतो. बायकोनं फोन घेतला आणि सांगितलं की हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. घरी आल्यावर तिनं मला नवा आकडा दाखवला, तेरा वर्षं आणि चार महिने. दर तिमाहीला ती उतारा काढते आणि आम्ही तिघं जेवणानंतर तो वाचतो. मुलीलाही आता रकाने कळतात.

मला पुष्कळदा वाटतं, आधी कळलं असतं तर घर घेतलं नसतं का? घेतलंच असतं. त्या दोन महिन्यांत आम्हाला दुसरा रस्ता नव्हता, आणि दुसऱ्याच्या दारात उभं राहून आडनाव सांगायचा कंटाळा आमच्या घरात फार जुना होता. फक्त घाईतही ते एक पान मी थांबून वाचलं असतं, आणि दुसऱ्या वर्षीच बर्डीवर गेलो असतो.

परवा खालच्या मजल्यावर नव्यानं राहायला आलेल्या बाई आईकडे आल्या होत्या. बोलता बोलता त्यांनी विचारलं, "तुमचं स्वतःचंच ना हो घर?"

"थोडं थोडं," आई म्हणाली. "हॉल न् स्वयंपाकघर झालं आमचं. बाकी कंपनीचं हाय अजून. बसा, चहा ठेवतो. स्वयंपाकघर आमचंच हाय."